अ व्हेरी पिक्यूलिअर प्रॅक्टिस

विद्यापीठीय कारस्थानांचे उपरोधपूर्ण चित्रण करणारी बीबीसीची दूरचित्रवाणी मालिका (१९८६ व १९८८). लेखक अँड्रू डेव्हिस हे वॉरिक विद्यापीठात अध्यापक होते. लोलँड्‌स या कल्पित विद्यापीठाच्या वैद्यकीय केंद्रात रुजू झालेला स्टीव्हन डेकर (पीटर डेव्हिसन) हा भिडस्त डॉक्टर तिचा नायक होय. सहकारी एकमेकांवर कुरघोडी करण्यात गुंतलेले असता कुलगुरू निधीसाठी उद्योगपतींचे उंबरठे झिजवितात. दुसऱ्या भागातील अमेरिकी कुलगुरू तर विद्यार्थ्यांना वगळून संरक्षण-संशोधनाचे केंद्र उभारू पाहतो. या कथानकास १९८१ मधील सरकारी अनुदान-कपातीची पार्श्वभूमी आहे. पुढे १९८८ च्या शिक्षण सुधारणा अधिनियमाने नवनियुक्त अध्यापकांची सेवाशाश्वतीही संपुष्टात आणली. विद्यापीठ नेमके कोणासाठी, हा मालिकेतील विनोदाआडचा प्रश्न म्हणूनच त्या दशकाच्या इतिहासाचा भाग ठरतो.