काराद्रास: या डोंगराचा मालक कोण?

आज एका डोंगराचा इतिहास सांगणार आहे. गुगल मॅपवर शोधू नका, सापडणार नाही. तो आहे टोल्किनच्या मिडल-अर्थमध्ये. नाव काराद्रास.

'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'चा २००१ सालचा पहिला सिनेमा ज्यांनी पाहिलाय, त्यांनी हा डोंगरही पाहिलाय. अंगठी घेऊन निघालेले नऊ जण बर्फातून चाललेत. तिकडे लांब आपल्या मनोऱ्यावर सारुमान मंत्र म्हणतोय. वीज पडते, वरचा बर्फ कोसळतो, सगळे गाडले जातात. वाट बंद. हे कुणी केलं? सारुमाननं. विषय संपला.

आता १९५४ साली आलेलं मूळ पुस्तक उघडा. या वादळात सारुमान कुठेच नाही! बर्फ आहे, वरून दगड येतायत, वाऱ्यात कुणीतरी किंचाळल्या-हसल्यासारखे आवाज आहेत. बोरोमिरला शंका येते, हा शत्रूचा, म्हणजे सौरॉनचा डाव तर नाही? अ‍ॅरागॉर्न म्हणतो, माणसांवर राग धरणाऱ्या सगळ्याच गोष्टी सौरॉनच्या बाजूच्या नसतात. काही तर त्याच्याहून जुन्या आहेत. आणि गिमली सांगतो की या भागात सौरॉनचं नावही कुणी ऐकलं नव्हतं, तेव्हापासून हा डोंगर क्रूर म्हणून बदनाम आहे.

गिमलीला माहीत असणारच. तो ड्वार्फ, आणि या डोंगररांगेखालीच त्याच्या पूर्वजांचं मोरिया. त्यांच्या भाषेत या शिखराचं नाव बाराझिनबार. मोरियातली मिथ्रिल धातूची शीर उत्तरेकडे, काराद्रासच्याच दिशेनं, खोल अंधारात जाते. ड्वार्फ तिच्यामागे खणत गेले आणि तिसऱ्या युगाच्या १९८० साली बालरोग जागा झाला. पुढे २५०९ साली इथल्याच खिंडीत ऑर्कांनी केलेब्रियानला पकडलं. ही आर्वेनची आई. तिची सुटका झाली, पण पुढच्याच वर्षी ती मिडल-अर्थ कायमचं सोडून गेली.

बघा, एकदा बालरोग, एकदा ऑर्क. गुन्हेगार बदलतात, जागा तीच. पण वादळाचा गुन्हेगार? टोल्किन शेवटपर्यंत नाव सांगत नाही.

हे त्याला सुचलं कुठून? थोडा धागा खऱ्या इतिहासात सापडतो. १९११ च्या उन्हाळ्यात, १९ वर्षांचा टोल्किन स्वित्झर्लंडमध्ये पायी फिरला. आलेच हिमनदीजवळ उन्हानं बर्फ वितळून सुटलेले दगड गडगडत खाली येत होते. एक मोठा दगड तर अगदी त्याच्या पुढ्यातून गेला. खूप वर्षांनी मुलाला लिहिलेल्या पत्रात त्यानं हे सांगितलंय. काराद्रासशेजारचं केलेबदिल शिखरही त्यानं तिथल्या झिल्बरहॉर्नवरून घेतलं. आता मला सांगा, तो दगड कुणी टाकला होता? कुणीच नाही. पण खाली उभ्या असलेल्या पोराला तसं वाटलं असेल का?

पाच वर्षांनी, १९१६ मध्ये, तोच टोल्किन सोमच्या लढाईत होता. शत्रू म्हणजे काय, हे त्याला कुणी शिकवायची गरज नव्हती. तरी आपल्या महायुद्धाच्या कथेत त्यानं एक डोंगर असा ठेवला, जो बहुधा कुठल्याच बाजूचा नाही. त्याला अंगठी नको, फ्रोडोचा पराभवही नको. त्याला फक्त ही माणसं अंगावरून उतरायला हवीत.

म्हणूनच पुस्तकातला प्रसंग मला सिनेमापेक्षा जास्त भीतीदायक वाटतो. सारुमानशी लढता येतं. गँडाल्फ उलटा मंत्र म्हणू शकतो. पण ज्याला तुमच्या युद्धाशी देणंघेणंच नाही, त्याच्याशी काय लढणार? जगातली प्रत्येक गोष्ट आपल्या बाजूची किंवा आपल्या विरुद्ध असते, हा आपला समज हा डोंगर मोडून काढतो.

नऊ जण माघार घेतात. शेवटची खेप खाली पोचते न पोचते तोच मागे दरड कोसळते आणि वाट बुजते. घरात आलेल्या आगंतुकाला बाहेर काढून कडी लावावी, तसं. त्यानंतर काराद्रास पुन्हा काही करत नाही. मोरियाची वाट धरायची, हे मात्र त्यांना स्वतःच ठरवावं लागतं.