कॅमेऱ्याला न दिसलेले खलाशी

१८९८ च्या उन्हाळ्यात ‘क्रेसेंट’ ही ब्रिटिश आरमाराची क्रूझर सफरीवर निघाली, तेव्हा आल्फ्रेड वेस्ट हा छायाचित्रकार चलत्‌चित्रांचा कॅमेरा घेऊन तिच्यावर चढला. पोर्टस्मथजवळ साउथसी येथे त्याच्या घराण्याचा छायाचित्रांचा धंदा होता. वेगाने जाणाऱ्या शिडाच्या नौका टिपण्यात ही मंडळी वाकबगार होती. जहाजाचा कप्तान होता ड्यूक ऑफ यॉर्क, म्हणजे पुढचा राजा पाचवा जॉर्ज. वेस्टच्या फिती राणी व्हिक्टोरियाने पाहिल्या आणि १८९९ पासून लंडनच्या रीजंट स्ट्रीटवरील पॉलिटेक्निकमध्ये ‘अवर नेव्ही’ या नावाने त्याचे खेळ सुरू झाले. ते अनेक वर्षे चालले.

अशा मूकपटांत दिसे ते तोफांची कवायत, डेकवरची धावपळ, लाटा कापणारी नाळ. जहाज मात्र कोळशावर चालत होते. तळाशी बॉयलरच्या भट्ट्यांपुढे घामाने निथळत फावड्याने कोळसा लोटणारे खलाशी पडद्यावर येत नसत. आरमाराला काजळीपेक्षा शिस्त मिरवणे सोयीचे होते, हे उघडच आहे. पण त्याही आधीची अडचण रसायनशास्त्राची होती.

कॅमेरा हाताने फिरवायचा. सेकंदाला साधारण १६ चित्रे घ्यायची, म्हणजे एकेका चित्राला सेकंदाचा अगदी लहान अंश मिळे. त्यात त्या काळच्या फितीवरील सिल्व्हर ब्रोमाइडचा लेप निळ्या-जांभळ्या प्रकाशाला संवेदनशील, तांबड्याला जवळजवळ आंधळा. (डार्करूममध्ये तांबडा दिवा चालतो, तो याच कारणाने, विद्यार्थ्यांना हे जरूर सांगावे.) भट्टीचा उजेड नेमका तांबूस-नारिंगी. डोळे दिपवणारी ती धग फितीवर फारशी उमटलीच नसती!

विजेचे दिवे नव्हते असे नाही. नोव्हेंबर १८९९ मध्ये न्यूयॉर्कजवळ कोनी आयलंड येथे एका मुष्टियुद्धाचे चित्रण सुमारे ४०० आर्क दिव्यांच्या उजेडात झाले. पण युद्धनौकेच्या पोटात, बॉयलरशेजारी, तेवढे दिवे लावणार कोण आणि कुठे? म्हणून त्या फिती पाहताना ‘काय दिसते?’ याच्याबरोबर ‘उजेड कुठून येत होता?’ हेही विचारायला हवे. सूर्यप्रकाश पोहोचला तेवढेच आरमार त्यांच्यात आहे.

डेकखालचे जग पुढे आयझेनस्टाइनच्या ‘बॅटलशिप पोटेम्किन’ (१९२५) या मूकपटाने ठळकपणे दाखवले: टांगत्या झोळ्यांत दाटीने झोपलेले खलाशी, किडे पडलेले मांस आणि त्यावरून १९०५ साली पेटलेले बंड. तोवर मूळ ‘पोटेम्किन’ मोडीत निघाली होती. तिच्या जागी ‘बारा प्रेषित’ नावाची दुसरी जुनी युद्धनौका उभी करावी लागली.