'साबर बोंडं' : गावाने न लिहिलेला इतिहास

गावाचा इतिहास कोण लिहितो, हा प्रश्न दलित साहित्याने मराठीला विचारला. गावकुसाबाहेरच्या माणसाने आपले जगणे आपल्या शब्दांत मांडले आणि सलोख्याच्या खेड्याचे गोंडस चित्र फाटले. तरीही काही जगणी नोंदीवाचून राहिली. पुरुषावर प्रेम करणारा खेड्यातला पुरुष त्यांपैकी एक. म्हणूनच रोहन परशुराम कानवडे यांचा 'साबर बोंडं' हा चित्रपट कथाचित्र असूनही मी इतिहासाचे साधन मानतो.

जानेवारी २०२५ मध्ये अमेरिकेतील सनडान्स महोत्सवात, जागतिक कथाचित्रांच्या विभागात, त्याला सर्वोच्च पारितोषिक मिळाले. सप्टेंबरमध्ये तो आपल्याकडे प्रदर्शित झाला. कानवडे मुंबईच्या झोपडपट्टीत वाढले. वडील ड्रायव्हर होते. वडील गेल्यावर सुतकात मूळ गावी नातलगांनी लग्नाचा धोशा लावला. चित्रपटाचे बीज तिथले. शहरातला आनंद बापाच्या सुतकासाठी दहा दिवस गावी येतो. तिथे त्याला बाळ्या हा बालमित्र भेटतो. तो शेतकरी आहे आणि तोही लग्न टाळत आहे. तो आनंदसाठी निवडुंगाची बोंडं आणतो. पार्श्वसंगीत नाही, आरडाओरडा नाही. याआधी २०१९ च्या 'उ उषाचा' या लघुपटात कानवडे यांनी शाळेतल्या शिक्षिकेकडे ओढली जाणारी निरक्षर शेतमजूर बाई दाखवली होती.

हा विषय आपल्या चळवळीला परका नाही. १९३४ साली र. धों. कर्वे यांच्यावर 'समाजस्वास्थ्य' मासिकातील मजकुरासाठी अश्लीलतेचा खटला झाला. वाचकांच्या लैंगिक प्रश्नांना, त्यांत समलिंगी संबंधांविषयीच्याही, कर्व्यांनी उत्तरे दिली होती. त्यांचे वकीलपत्र डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी घेतले. खटला हरला, कर्व्यांना दंड झाला. परंतु अशा प्रश्नाचे उत्तर मागण्याचा माणसाचा हक्क न्यायालयात मांडला गेला, हे विसरता येत नाही.

त्याहून खोल धागा १९१६ चा आहे. जातीचे मर्म सजातीय विवाहात आहे, हे बाबासाहेबांनी कोलंबिया विद्यापीठातील निबंधात दाखवले. मी अणदूरला शिकवतो. सोलापूर-हैदराबाद रस्त्यावरच्या या गावात काय किंवा आसपास काय, तिशीतल्या अविवाहित माणसाला पहिला प्रश्न लग्नाचाच असतो. ही चौकशी केवळ मायेपोटी नसते. लग्नावर पहारा ठेवला की जातीवर पहारा राहतो. आंतरजातीय जोडप्यावर कुऱ्हाड उगारणारी व्यवस्था आणि बाळ्याला बोहल्यावर ढकलणारी व्यवस्था, दोन्ही एकाच चौकीवर उभ्या आहेत.

दोन्ही दुःखे सारखी आहेत, असे मात्र मी म्हणणार नाही. गावाने आम्हाला दूर ठेवले तरी घर आमचे होते. अपमान घेऊन परतलो की आई समजून घेत असे. समलिंगी मुलाला पहिली भीती घराचीच असते. आमची जात गावाला जन्मापासून ठाऊक असते. त्याला मात्र स्वतःला लपवावे लागते. जे लपते त्याची नोंद होत नाही, आणि नोंद नाही म्हणून 'आमच्याकडे असले काही नाही' असे गाव छातीठोक सांगते. 'साबर बोंडं'तली आई मुलाला ओळखते आणि त्याच्या पाठीशी राहते. समंजसपणा शिकलेल्यांची मिरास आहे, हा आपला समज ती खोडून काढते.

कायदा काही पावले चालला. १८६० च्या दंडसंहितेतील कलम ३७७ सज्ञान व्यक्तींच्या संमतीच्या संबंधांपुरते सर्वोच्च न्यायालयाने ६ सप्टेंबर २०१८ रोजी रद्द ठरवले. तेव्हा न्यायालयाने आधार घेतलेली संविधानिक नीतिमत्ता बाबासाहेबांनी ४ नोव्हेंबर १९४८ रोजी घटना समितीत सांगितली होती. गाव हे संकुचित वृत्तीचे डबके आहे, हेही त्याच भाषणात. समलिंगी विवाहाला मान्यता देण्यास मात्र न्यायालयाने १७ ऑक्टोबर २०२३ रोजी नकार दिला.

शहराकडे चला, हा आपल्या मुक्तीचा एक मार्ग होता. आनंदलाही शहर थोडा श्वास देते. पण बाळ्याचे शेत गावातच आहे. जो गाव सोडू शकत नाही त्याला गावातच माणूस म्हणून जगता यावे, ही मागणी आपल्या लढ्याच्या बाहेरची कशी? आपल्या वर्गात, वस्तीत आणि शिबिरात बाळ्या बसलेला आहे. तो बोलेल तेव्हा ऐकणारे कोणी असावे, एवढी तयारी आपण आधी केली पाहिजे.