हिस्लॉप, स्टीफन

(८ सप्टेंबर १८१७ – ४ सप्टेंबर १८६३). स्कॉटिश प्रॉटेस्टंट धर्मोपदेशक, भूविज्ञ आणि गोंडांच्या धर्मकल्पनांचा आद्य संग्राहक. स्कॉटलंडमधील डन्झ या गावी जन्म. शिक्षण एडिंबरो व ग्लासगो विद्यापीठांत. चर्चच्या कारभारातील शासकीय हस्तक्षेपाच्या प्रश्नावरून १८४३ मध्ये स्कॉटलंडच्या चर्चमध्ये फूट पडली, तेव्हा हिस्लॉप नव्या फ्री चर्चमध्ये सामील झाला आणि १८४५ च्या आरंभी भोसल्यांच्या राजधानीत, नागपूरला, आला. पुढील वर्षी त्याने तेथे शाळा काढली. १८८३ मध्ये स्थापन झालेले नागपूरचे हिस्लॉप महाविद्यालय त्याच्या नावाने ओळखले जाते.

धर्मप्रसाराच्या फेऱ्यांत त्याची दृष्टी वाटेवरच्या खडकांवरही असे. वर्धा खोऱ्यातील मांगली येथे मिळालेल्या उभयचर प्राण्याच्या कवटीचे वर्णन रिचर्ड ओएन या शास्त्रज्ञाने १८५५ मध्ये प्रसिद्ध केले. प्राणहितेकाठच्या, सिरोंच्याजवळील कोटा येथील चुनखडकाची व त्यातील जीवाश्मांची चर्चा हिस्लॉपच्या निबंधांत येते. कोटा आज गडचिरोली जिल्ह्यात आहे. हा जिल्हा २६ ऑगस्ट १९८२ रोजी चंद्रपूरपासून वेगळा करण्यात आला. हिस्लॉपच्या काळी ‘चांदा’ या एकाच नावाखाली वैनगंगेच्या दोन्ही तीरांवरचे अरण्य येई, तर सिरोंच्याचा मुलूख १८६० पर्यंत निजामाकडे होता.

मिशनरी म्हणून त्याची भूमिका निःसंदिग्ध होती. गोंडांची उपासना त्याला भ्रामक वाटे व ती बदलावी हाच त्याचा हेतू होता. परकीय सत्तेशी असलेले त्याचे नातेही लपलेले नव्हते. जून १८५७ मध्ये नागपुरातील उठावाच्या बेताची वार्ता इंग्रज अधिकाऱ्यांना देणाऱ्यांत तो होता. त्याच्या पुढच्याच वर्षी चांद्याच्या जंगलात इंग्रजांशी लढलेला गोंड जमीनदार बाबुराव शेडमाके याला २१ ऑक्टोबर १८५८ रोजी चांदा येथे फाशी देण्यात आले. हिस्लॉपची टिपणे वाचताना ही पार्श्वभूमी विसरता येत नाही. असे असूनही त्या टिपणांत उपहास क्वचितच आढळतो. ‘गोंड’ हे इतरांनी दिलेले नाव असून हे लोक स्वतःला ‘कोइतोर’ म्हणवितात, हे त्याने नमूद केले. गोंडांच्या साडेबारा जातींची यादी त्याने दिली व तीत माडियांचाही समावेश केला. गोंडांच्या सुमारे पंधरा देवतांची नावे त्याने जमविली. परंतु ती सर्व सांगू शकेल अशी एकही व्यक्ती आपणास भेटली नाही, असेही प्रांजळपणे लिहून ठेवले. ग्रंथ व धर्मसूत्रे यांवर वाढलेल्या धर्मोपदेशकाला ग्रंथाविना चालणाऱ्या धर्माचे हे रूप नवे होते.

त्याच्या संग्रहाचा गाभा म्हणजे लिंगोचे गीत. गोंडांच्या वंशावळी व देवकथा गाऊन जतन करणे हे परधानांचे परंपरागत काम. अशा एका परधानाच्या मुखातून हे दीर्घ गीत उतरून घेण्यात आले. महादेवाने गुहेत कोंडलेले गोंड, त्यातून निसटून काचीकोपा लोहागडला गेलेले चौघे, फुलातून जन्मलेला लिंगो, त्याने कोंडलेल्यांची केलेली सुटका, कुळांची विभागणी आणि फर्सापेनाच्या पूजेची घालून दिलेली रीत अशी त्याची कथा आहे. हिस्लॉपने केवळ सारांशावर समाधान मानले नाही. मूळ गोंडी शब्द व त्यांखाली शब्दशः अर्थ अशी त्याची मांडणी होती. कथेचा सारांश देणारे पुष्कळ असतात. श्रद्धेचे शब्द तिच्याच भाषेत राखणारे त्या काळी अत्यल्प होते आणि त्याच्या कार्याचे खरे मोल येथेच आहे.

हे लेखन त्याच्या हयातीत छापले गेले नाही. ४ सप्टेंबर १८६३ रोजी मध्य प्रांताचा मुख्य आयुक्त रिचर्ड टेंपल याच्यासमवेत तो नागपूरच्या दक्षिणेस टाकळघाट येथील प्राचीन शिलावर्तुळे पाहण्यास गेला होता. शाळेच्या तपासणीसाठी मागे राहून घोड्यावरून एकटाच परतत असता बोरीजवळील ओढ्याच्या पुरात सापडून त्याचा अंत झाला. त्याच्या हस्तलिखितांचे संपादन टेंपलने करून ती १८६६ मध्ये नागपूर येथे प्रसिद्ध केली. अशा रीतीने परधानाने गाइलेले गीत आधी धर्मोपदेशकाच्या आणि मग प्रशासकाच्या हातून वाचकांपर्यंत आले. पुढे जेम्स फॉर्सिथ याने आपल्या १८७१ च्या ग्रंथात त्याला इंग्रजी पद्याचा पेहराव चढविला. त्यात मूळ गीताचा घाट हरवला. रसेल व हिरालाल यांच्या १९१६ च्या ग्रंथातही हिस्लॉपचा आधार घेतलेला आहे.

या गीतातील महादेव-पार्वतीच्या वावरावरून ते हिंदू वळणाचे, म्हणून अस्सल नव्हे, असा आक्षेप घेतला गेला आहे. तो पूर्णपणे मान्य करणे कठीण आहे. चंद्रपूरला लागून असलेल्या आदिलाबादच्या राजगोंडांवर फ्यूरर-हायमेंडॉर्फ याने १९४८ मध्ये प्रसिद्ध केलेल्या ग्रंथातही परधानांच्या कथांतून देव व गोंड यांचा असाच संबंध येतो; म्हणजे हे मिश्रण गाणाऱ्यांच्या परंपरेतीलच आहे. मात्र ही परंपरा सर्वत्र एकच नाही. बस्तरच्या मुरियांमध्ये लिंगो हा प्रामुख्याने गोटुलचा संस्थापक आणि वाद्यांचा अधिपती मानला जातो. हिस्लॉपच्या गीतातील लिंगो कुळे वाटून देणारा व शेती शिकविणारा आहे. एटापल्ली–भामरागडच्या माडिया मुलखाविषयी लिहिताना म्हणूनच या एकाच गीतावर विसंबणे पुरेसे ठरत नाही.