मोतीबिंदूनंतरचा डोळा : एका संज्ञेचा विचार

गोंदिया जिल्ह्यात मराठी ‘मोतीबिंदू’ आणि शेजारच्या हिंदीतील ‘मोतियाबिंद’ हे दोन्ही शब्द कानी पडतात. शस्त्रक्रियेसही ‘लेन्स टाकली’ असा सुटसुटीत प्रयोग आहे. मात्र त्यानंतरच्या नेत्रावस्थेस बोलीत स्वतंत्र नाव रूढ नाही.

सुश्रुतसंहितेत या रोगास ‘लिंगनाश’ म्हटले असून दृष्टीचे प्रमाण मसुराच्या डाळीएवढे सांगितले आहे. ग्रीक ‘फाकोस’ व लॅटिन ‘लेन्स’ यांचा मूळ अर्थही मसूरच, हे साम्य लक्षणीय होय. सुश्रुताने शलाकेने दोष बाजूस सारावयास सांगितले. अठराव्या शतकात फ्रान्समध्ये दाव्हिएलने गढूळ भिंगच बाहेर काढले. उभयपक्षी डोळा भिंगावाचूनच पाहत असे. त्या अवस्थेची संज्ञा ‘अफेकिया’. रुग्णास बहुधा दहा डायॉप्टरच्या आसपासचा जाड चष्मा लागे. २९ नोव्हेंबर १९४९ रोजी लंडनच्या सेंट थॉमस रुग्णालयात हॅरोल्ड रिडली यांनी मोतीबिंदू काढलेल्या डोळ्यात अ‍ॅक्रिलिकचे भिंग बसविले. अशा डोळ्यास पुढे ‘स्यूडोफेकिया’ ही संज्ञा लाभली.

‘स्यूडो’ म्हणजे खोटे. त्यावरून ‘मिथ्याभिंगता’ असा शब्द घडविणे सोपे. परंतु ज्या भिंगातून माणूस बांधावरची वाट ओळखतो, ते मिथ्या कसे? ‘कृत्रिमभिंगी’ हाच शब्द अधिक न्याय्य ठरतो. हा वाद केवळ शब्दांचा नव्हे. रुग्णाच्या चिठ्ठीवर नुसते ‘मोतीबिंदू काढला’ असे लिहिले, तर आत भिंग आहे की नाही, हे वाचणाऱ्यास कळत नाही. आणि भिंगहीन व कृत्रिमभिंगी डोळ्यांचे चष्मे सर्वथा भिन्न असतात.