सर्गेई उरुसेव्स्की : छायालेखकाचे निवेदन

चित्रपटाच्या समीक्षेत छायालेखकाकडे कुशल कारागीर म्हणून पाहण्याची प्रथा आहे. आशय पटकथेचा, दृष्टी दिग्दर्शकाची आणि छायालेखकाकडे केवळ प्रकाश, अशी ही वाटणी. सर्गेई उरुसेव्स्की (1908-1974) यांची कारकीर्द ती प्रश्नांकित करते.

उरुसेव्स्की मूळचे चित्रकार. काष्ठमुद्राचित्रकार व्लादिमिर फावोर्स्की यांचे ते विद्यार्थी. त्यांच्या घडणीच्या काळात रशियन कलाविचारावर रूपवादाचा ठसा होता. परिचिताला अपरिचित करणे हे कलेचे कार्य, ही श्क्लोव्स्कीची 1917 मधील मांडणी आणि रोदचेंकोच्या छायाचित्रांतील अनपेक्षित कोन ही त्याच वातावरणाची अपत्ये. पुढे समाजवादी वास्तववादाच्या राजवटीत 'रूपवादी' ही शिवी ठरली. मार्क दोन्स्कोय यांचा 'द व्हिलेज टीचर' (1947) आणि पुदोव्हकिन यांचा 'द रिटर्न ऑफ व्हासिली बोर्त्निकोव्ह' (1953) या चित्रपटांचे छायालेखन उरुसेव्स्कींनी केले ते याच राजवटीत. स्तालिनच्या मृत्यूनंतर, चुखराय यांच्या 'द फॉर्टी-फर्स्ट' (1956) या रंगीत चित्रपटात वाळवंट आणि समुद्र ही पार्श्वभूमी न राहता भावनेची भाषा होतात.

मिखाईल कालातोझोव्ह स्वतः एकेकाळी छायालेखक होते. त्यांच्यासह केलेल्या 'द क्रेन्स आर फ्लाइंग' (1957) मध्ये उरुसेव्स्कींचा कॅमेरा निवेदकाची भूमिका घेतो. आरंभी बोरिस वेरोनिकामागे जिना चढतो, तेव्हा कॅमेराही वळसे घेत वर जातो. रणभूमीवर गोळी लागल्यावर बर्चची शेंडे गरगरतात आणि त्यांवर तोच जिना, तीच धाव उमटते. मृत्यूचे वर्णन येथे होत नाही. पूर्वी पाहिलेली गती परत येते आणि तिचा अर्थ पालटतो. पात्राची जाणीव आणि कथनाची दृष्टी एकमेकींत मिसळण्याची ही रीत कादंबरीतील मुक्त अप्रत्यक्ष निवेदनाशी नाते सांगते. पासोलिनी यांनी 1965 मध्ये 'काव्याच्या चित्रपटा'विषयी मांडलेला विचार याच दिशेचा आहे. या चित्रपटाला 1958 मध्ये कान महोत्सवाचे सर्वोच्च पारितोषिक मिळाले.

'आय अॅम क्यूबा' (1964) मध्ये मात्र प्रश्न अवघड होतो. विद्यार्थ्याच्या अंत्ययात्रेच्या दृश्यात कॅमेरा इमारतीच्या कडेने वर चढतो, रस्ता ओलांडून सिगारच्या कारखान्यात शिरतो, खिडकीतून बाहेर पडतो आणि जनसमूहावर तरंगत जातो. हे सर्व एकाच अखंड चित्रणात. अवरक्त किरणांना संवेदनशील असलेल्या फिल्ममुळे ताडाची पाने शुभ्र दिसतात. 'क्रेन्स'मधील दृष्टी कोणाची, हे सांगता येते. येथील दृष्टी कोणत्याही देहात वसत नाही. निवेदन 'मी क्यूबा' म्हणते, परंतु हा 'मी' त्या भूमीवर उभा नसून तिच्यावरून विहरतो. मॉस्को आणि हवाना या दोन्ही ठिकाणी चित्रपटाचे थंडे स्वागत झाले, याची संगती या विसंगतीतून लागते.

1990 नंतर अमेरिकेत त्याचे पुनराविष्करण झाले. 1995 च्या वितरणामागे स्कोर्सेसी आणि कोपोला यांची नावे होती. तेव्हा कौतुक झाले ते प्रामुख्याने तंत्राचे. प्रचार अडगळीत टाकला गेला. पूर्वीची सोव्हिएत समीक्षा रूपाला आशयाचा शत्रू मानत होती. या नव्या रसिकतेने आशयाला रूपाचा अडथळा मानले. दोन्ही भूमिका रूप आणि आशय यांची फारकत गृहीत धरतात. उरुसेव्स्कींच्या कॅमेऱ्याने नेमकी तीच फारकत नाकारली होती. म्हणूनच त्याचे यश आणि अपयश मोजायचे, तर दृश्य कसे घेतले याबरोबरच ते कोणाच्या वतीने पाहते, हेही विचारावे लागते.