सायकलीवरचा कॅमेरा

धुळ्याहून मुंबई-आग्रा रस्त्याने निघाले की पन्नासेक किलोमीटरवर मालेगाव लागते. जिल्हा नाशिक, पण सोयरिकी आणि बाजारहाट पाहिली तर ते आम्हा खान्देशी लोकांना घरचेच. आमची फुप्फी तिथे दिलेली. २००० साली आम्ही प्राथमिक शाळेत होतो. सुट्टीत तिच्या मोहल्ल्यात गेलो, तर लहानथोरांच्या तोंडी एकच नाव होते: 'मालेगाव के शोले'. त्यात डाकू घोड्यांवर नव्हे, सायकलींवर येतात! आम्ही हसून हसून बेजार झालो.

हा उद्योग शेख नासिर यांचा. १८५७ नंतर उत्तरेतून आलेल्या मोमीन विणकरांनी हे गाव वसते-वाढते ठेवले. हातमाग गेले, पॉवरलूम आले. जुम्याला माग बंद, आणि मग कारागिरांची गर्दी व्हिडिओ पार्लरमध्ये. नासिरभाई असेच एक पार्लर चालवीत. पुण्याच्या संस्थेचे तोंड त्यांनी पाहिले नव्हते. तेच ते चित्रपट पुनःपुन्हा दाखविताना कॅमेरा कुठे थांबतो, कुठे सरकतो, हे त्यांच्या डोळ्यांनी टिपले. 'शोले'चा खर्च पन्नास हजारांच्या आसपास. लेखनाला फरोग जाफरी यांच्यासारखे स्थानिक लोक, नट म्हणजे गावातलेच कष्टकरी.

पुढे 'मालेगाव का सुपरमॅन' निघाला. ट्रॉली नाही? नासिरभाई कॅमेरा घेऊन सायकलीवर बसत आणि दुसरा कोणी ती ढकलीत असे. क्रेन नाही? बैलगाडीची एक बाजू दाबायची, की दुसरी वर उचलली जाते. सुपरमॅन उडतो तो हिरव्या पडद्यासमोर. एकदा कॅमेराच पाण्यात पडला आणि काम अडले. मोठ्या स्टुडिओत दुसरा कॅमेरा येतो. इथे दुरुस्तीची वाट पाहावी लागते. हे सारे फैजा अहमद खान यांच्या 'सुपरमेन ऑफ मालेगाव' या २००८ च्या माहितीपटात दिसते. लोक त्याला विनोदी म्हणतात. आम्हाला तो कारागिरीचा दस्तऐवज वाटतो. तुटलेला धागा जोडून माग पुन्हा चालू करणाऱ्यांचेच हे गाव, त्यांना जुगाड काय शिकवायचा?

बाहेरचे कॅमेरे मात्र मालेगावात वेगळ्याच कारणांनी आले. ८ सप्टेंबर २००६, शबे-बरातचा जुमा, कब्रस्तानाजवळचे स्फोट. २९ सप्टेंबर २००८, भिक्कू चौक. २००६ च्या प्रकरणात धरलेल्या नऊ मुस्लिम तरुणांना २०१६ साली न्यायालयाने आरोपमुक्त केले, तेव्हा तितके कॅमेरे आले नाहीत. बी.एड.ला असताना मालेगावचे नाव निघाले की सहाध्यायी स्फोटांविषयी विचारीत. आम्ही सायकलीवरच्या डाकूंविषयी सांगत असू. कुणाला खरे वाटत नसे.

सुपरमॅन झालेला शफीक शेख पॉवरलूमवरचा कामगार, अंगाने काडीसारखा. पडद्यावर तो तंबाखू-गुटख्याविरुद्ध लढला आणि २०११ साली कर्करोगाने गेला. हे लिहिताना हात जड होतो.

२०२५ च्या फेब्रुवारीत रीमा कागती यांचा 'सुपरबॉईज ऑफ मालेगाव' प्रदर्शित झाला. नासिरभाईंची भूमिका आदर्श गौरव याने केली आहे. चित्रपट चांगला आहे, पण आमचे मन त्या हलणाऱ्या, अंधुक चित्रांतच रमते.

मागच्या वर्षी आमच्या आठवीच्या मुलांनी गॅदरिंगचे चित्रीकरण मोबाइलवर केले. चित्र सरकते हवे म्हणून एकाने शिपाई चाचांची सायकल मागून आणली. नासिरभाईंचे नाव त्याने ऐकले नव्हते. दुसऱ्या दिवशी उर्दूचा तास बाजूला ठेवून आम्ही ही हकिकत सांगितली. घंटा झाली तरी मुले उठेनात.